तुम्ही विचारलंत म्हणून: व्हेनिसच्या फादरांचं यंत्र

आकाशदर्शनाला देवयानी दीर्घिका दाखवताना "हा प्रकाश तिथून पंचवीस लाख वर्षांपूर्वी निघालाय" असं म्हटलं, की रांगेतून हमखास प्रश्न येतो: "सर, ते व्हॅटिकनवाल्यांनी भूतकाळ बघायचं यंत्र लपवून ठेवलंय म्हणे, खरं आहे का?" मागे माणसं खोळंबलेली असतात, म्हणून मी "नाही हो" म्हणून पुढच्याला दुर्बिणीशी बोलावतो. विचारणाऱ्याचं त्याने समाधान होत नाही. माझंही होत नाही, कारण यंत्र खोटं असलं तरी ज्याच्या नावावर ते सांगितलं जातं तो माणूस खरा होता, आणि चांगला जाणकार होता.

पेल्लेग्रिनो एर्नेत्ती, जन्म १९२५, मृत्यू १९९४. व्हेनिसच्या सान जॉर्जो माज्जोरे बेटावरच्या मठातले बेनेडिक्टाइन या ख्रिस्ती पंथाचे साधू. भूतबाधा उतरवणारे म्हणूनही त्यांचं नाव होतं, पण ते राहू द्या. त्यांचा खरा विषय प्राचीन संगीत. अनेक स्वर एकत्र गुंफायची पद्धत युरोपात रुळली त्याआधीचं एकपदरी गायन त्यांनी आयुष्यभर अभ्यासलं, शिकवलं, त्यावर ग्रंथ लिहिले. मिलानमध्ये १९५२ साली फादर जेमेल्ली यांच्यासोबत ग्रेगोरियन गायनाचं (चर्चमधल्या जुन्या एकपदरी प्रार्थनागायनाचं) ध्वनिमुद्रण तपासताना मुद्रणाच्या तारेवर जेमेल्लींच्या दिवंगत वडिलांचा आवाज उमटला, अशी गोष्ट सांगितली जाते. गेलेला आवाज कुठेतरी शिल्लक असतो, या कल्पनेचं बी तिथे पडलं असावं असा माझा अंदाज.

मे १९७२ मध्ये एका इटालियन साप्ताहिकात एर्नेत्तींच्या हवाल्याने बातमी आली: भूतकाळाचं चित्र आणि आवाज दोन्ही पकडणारं यंत्र तयार झालंय. नाव क्रोनोव्हायझर. बनवणारे बारा शास्त्रज्ञ, पुढे त्यांत अणुशास्त्रज्ञ फर्मी आणि रॉकेटतज्ज्ञ फॉन ब्राउन यांचीही नावं घेतली गेली. यंत्र कुठे आहे? धोकादायक म्हणून मोडून टाकलं! म्हणजे तपासायला काहीच उरलं नाही. बातमीसोबत वधस्तंभावरच्या येशूचा चेहरा छापला होता. तो मध्य इटलीतल्या कोल्लेव्हालेन्झाच्या देवस्थानातल्या मूर्तीच्या पोस्टकार्डाशी जुळतो, हे पुढे लोकांच्या लक्षात आलं.

आता मला हटकून विचारला जाणारा उपप्रश्न. "पण सर, प्रकाश तर नष्ट होत नाही ना? मग महाराजांचा राज्याभिषेक दिसायला काय हरकत?" हरकत अशी, की १६७४ सालचा तो प्रकाश आता साडेतीनशे प्रकाशवर्षं दूर गेलाय आणि त्याला गाठायला आपण प्रकाशापेक्षा वेगाने धावू शकत नाही. समजा तिथे कुणी आधीच दुर्बीण लावून बसलंय. एवढ्या अंतरावरून एक मीटरची वस्तू वेगळी ओळखायची, तर भिंगाचा व्यास सुमारे दोनशे कोटी किलोमीटर लागेल, म्हणजे पृथ्वी-सूर्य अंतराच्या तेरा-चौदा पट. शिवाय सोहळा ६ जूनचा, ऐन पावसाच्या तोंडावरचा. रायगडावर ढग असतील तर एवढं भिंग घेऊन काय करणार?

भौतिकशास्त्र सोडून देऊ. मला जास्त बोलकं वाटतं ते दुसरं प्रकरण. एर्नेत्तींचा दावा होता की त्यांनी इ.स.पू. १६९ मध्ये रोममध्ये चाललेला रोमन कवी एन्नियसच्या 'थिएस्टीस' या नाटकाचा प्रयोग पाहिला. ही शोकांतिका हरवलेली आहे, इतर लेखकांनी उद्धृत केलेले तुकडे तेवढे उरलेत. त्यांनी 'उतरवून घेतलेल्या' लॅटिन मजकुरात एन्नियसनंतर बऱ्याच काळाने वापरात आलेले शब्द निघाले. निवडसुद्धा बघा. सगळा भूतकाळ समोर उघडा असताना दिसलं काय, तर नावाने आधीच प्रसिद्ध असलेलं नाटक आणि आधीच घडवलेल्या मूर्तीचा चेहरा. खरा भूतकाळ एवढा आज्ञाधारक नसता. त्याने विद्वानांची चार मतं तरी पार उलटी केली असती, एखादा अनोळखी देव दाखवला असता, निदान कंटाळवाणा एखादा बाजार तरी.

माझी हळहळ संगीताची आहे. नवव्या-दहाव्या शतकातल्या हस्तलिखितांत शब्दांच्या डोक्यावर बारीक खुणा असतात. सूर वर गेला की खाली आला, एवढं त्या सांगतात. नेमका किती, ते बहुतेक वेळा सांगत नाहीत. गाणाऱ्याला चाल पाठ असे, खुणा फक्त आठवणीला आधार. अकराव्या शतकात इटलीतल्या अरेझ्झोच्या ग्वीदो नावाच्या साधूने रेघांवर सूर मांडायची पद्धत बसवली, तेव्हा कुठे न ऐकलेलं गाणं कागदावरून म्हणता येऊ लागलं. त्याआधीची लय कशी होती यावर अभ्यासक आजही भांडतात. एर्नेत्तींना हा वाद आतून ठाऊक होता. चित्रासोबत आवाजही ऐकवणारं यंत्र हाताशी असतं, तर अशा माणसाने सगळ्यात आधी नवव्या शतकातल्या एखाद्या मठातली पहाटेची प्रार्थना लावली असती, आणि दुसऱ्या दिवशी आपल्या विद्यार्थ्यांना ती गाऊन दाखवली असती.