वॉर्सात दानुताबाईंच्या मागावर

वॉर्सात गेलं की सगळे जुन्या गावात नाहीतर शोपँच्या मागे धावतात, मी मात्र एक अख्खी सकाळ पोलिश अभिनेत्री दानुता शाफ्लार्स्कासाठी राखून ठेवली होती. नाटकवेड्या माणसाला ही बाई माहीत असायलाच हवी. जन्म 1915 चा, 1944 मधे जर्मनांविरुद्ध झालेल्या वॉर्सा उठावात निरोप पोचवायचं काम केलं आणि 2017 मधे गेल्या तेव्हा वय 102.

सुरुवात झ्वोता रस्त्यावरच्या पलाडियम या जुन्या सिनेमाघरापासून केली, मोठ्या दुकानांच्या मागे आहे, शोधावं लागतं. जानेवारी 1947 मधे इथेच 'झाकाझाने प्योसेंकी' लागला, युद्धानंतरचा पोलंडचा पहिला मोठा कथापट. जर्मन अंमलात लोक चोरून जी गाणी म्हणायचे त्यांच्यावरच पिक्चर, आणि त्यात दानुताबाई. वॉर्सा बेचिराख झालेलं त्यामुळे सिनेमाचा सगळा कारभार वूच शहरात, बाई पण तेव्हा तिथेच दिग्दर्शक एर्विन आक्सेरकडे नाटकं करत होत्या. मग 1949 ला 'स्कार्ब' आला, नवीन लग्न झालेलं जोडपं, राहायला जागा नाही, एका खोलीसाठी मारामार आणि त्यात घरात खजिना असल्याची अफवा! बाई एकदम स्टार झाल्या.

पण पुढे मात्र त्या रमल्या त्या नाटकात, आणि मला आवडतं ते हेच. पलाडियमहून मार्शाऊकोव्स्का रस्ता ओलांडला की समोर संस्कृती महाल, त्यातलं द्रामातिच्नी थिएटर, तिथे त्या 1966 ते 85. तिथून दक्षिणेला चालत सुटलो, ट्राम बाजूने खडखडत जातात, दोन मनोऱ्यांच्या चर्चचा गोल चौक येतो आणि तिथेच मोकोतोव्स्का 13, आक्सेरचं व्स्पुउचेस्ने थिएटर, वूचहून त्याच्याबरोबर त्या इथेच आल्या. दार बंद होतं, तरी पोस्टरं वाचत बराच वेळ थांबलो, पोलिश काही कळत नसताना.

अजून थोडं पुढे मार्शाऊकोव्स्का 8, टीआर वॉर्सावा हे थिएटर. दिग्दर्शक ग्झेगोझ याझिनाने 2009 मधे लेखिका दोरोता मास्वोव्स्काचं नाटक केलं त्यात व्हीलचेअरवरची आजी म्हणजे दानुताबाई, वय 94! युद्ध सुरू झालं तो दिवस आठवणारी म्हातारी, आणि ते बोलणारी बाई खरंच त्यातून गेलेली, हे आठवून त्या दारापाशी माझ्या अंगावर काटा आला.

सिनेमातला सगळ्यात मोठा रोल पण उशिराच, 2007 चा 'पोरा उम्येराच', दिग्दर्शिका दोरोता केंजेझाव्स्काचा, ब्लॅक अँड व्हाइट. जुनं लाकडी घर, एक कुत्री आणि ही आजी, दुर्बिणीतून शेजाऱ्यांवर नजर ठेवणारी. सुरुवातीलाच डॉक्टरीण उद्धटपणे कपडे काढा म्हणते आणि ही तिला सणसणीत सुनावून तडक बाहेर पडते, तो सीन मी कितीदा पाहिलाय काय सांगू. ग्दिन्याच्या फिल्म फेस्टिव्हलमधे त्यासाठी सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचं बक्षीस मिळालं.

बघणार असाल तर आधी 'स्कार्ब' बघा आणि मग लगेच 'पोरा उम्येराच' लावा, दोन्हीत 58 वर्षांचं अंतर आहे आणि डोळे तेच.