भिजल्यावर कळणारी चड्डी

तलावाच्या शिडीवरून बाई वर येते तेव्हा एक हात दांडीला असतो आणि दुसरा कमरेला. हा दुसरा हात बघितला, की पोहण्याची चड्डी चुकली हे लांबूनच ओळखावं. मे महिन्यात संभाजीनगर घ्या, लातूर घ्या, नांदेड घ्या. लेडीज बॅच सुटताना असे कमरेला गेलेले हात मोजता मोजता दमायला होतं.

त्यातले बरेचसे सुती लेगिंगचे. कुर्त्याखाली घालायची ती लेगिंग ‘ताणते ना, मग झालं’ म्हणून पाण्यात येते. पण तिच्यात सूत जास्त, स्पँडेक्स, म्हणजे ताणणारा धागा, नावाला. सूत पाणी पितं, वजन खाली ओढतं, कमरेचं इलॅस्टिक ते पेलू शकत नाही, आणि चार फेऱ्यांत गुडघ्यामागे वळ्या जमतात. पोहण्याच्या कापडाच्या लेबलवर साधारण 80 ते 82 टक्के नायलॉन आणि उरलेलं स्पँडेक्स लिहिलेलं असतं. रोज क्लोरिनच्या पाण्यात उतरायचं असेल, तर पॉलिएस्टर आणि पीबीटी (पॉलिएस्टरचाच एक ताणणारा प्रकार) यांचं मिश्रण घ्यावं. ते कमी ताणतं, अंगाला जरा कडक लागतं, पण क्लोरिनपुढे स्पँडेक्सपेक्षा पुष्कळ जास्त टिकतं.

संभाजीनगरच्या गुलमंडी बाजारात साडी दाखवताना दुकानदार शंभर घड्या मोडेल. पोहण्याची चड्डी मागितली, की मात्र पुडकं समोर टाकून म्हणतो, “घ्या ताई, फ्री साइज आहे.” फ्री साइज म्हणजे कुणाचीच साइज नाही. टेप घरूनच लावून जावं, आणि मापं दोन नाही, तीन घ्यावीत. कंबर बेंबीच्या रेषेवर. सीट सगळ्यात भरलेल्या जागी, टेप मागे खाली घसरू न देता. आणि तिसरं, जे जवळजवळ कुणीच घेत नाही: पुढच्या कमरेपासून दोन पायांमधून मागच्या कमरेपर्यंत. शिंपी ज्याला आसन म्हणतात, त्याचा हा हिशोब. नऊवारीवाल्या आजीला तो शिकवावा लागला नसता. कासोटा किती खेचला की वाकता येतं आणि किती खेचला की काचतो, हे ती रोज अंगावरच मोजायची.

आसन कमी पडलं, की कंबर आणि सीट बरोबर असूनही चड्डी वाकताना मागून उतरते. मोठा नंबर घेऊन हे सुटत नाही. घेर वाढतो, मांडीशी फट पडते आणि उडी मारली की आत हवेचा फुगा. अशा वेळी नंबर तोच ठेवून उंच कमरेचा नमुना मागावा. दोन नंबरांच्या मध्ये माप आलं तर लहान घ्यावा, कारण कोरडेपणी जी ‘मस्त, मोकळी’ वाटते ती पाण्यात सैलच होणार.

दुकानात आरशासमोर सरळ उभं राहून काहीच कळत नाही. पातळ निकरवरून घालावी आणि पाच वेळा उकिडवं बसावं, एकेक गुडघा छातीला लावावा, मग बेडकासारखे पाय फाकवून बघावे. एवढं करून हात आपोआप मागे ओढायला गेला, तर चड्डी परत द्यावी. मांडीच्या इलॅस्टिकखाली दोन बोटं सहज जायला हवीत आणि बोटं काढताच पट्टी पुन्हा चिकटायला हवी. तेवढी जागा नसेल, तर अर्ध्या तासात जांघ लाल होते. कमरेची पट्टी दोन-तीन सेंटिमीटर रुंद असलेली बरी. अरुंद पट्टी पोटाच्या वळीत शिरते आणि सुरळी होऊन खाली येते. दोष पोटाला लागतो, असतो पट्टीचा.

आता शोभण्याचं. चड्डीची कड जिथे संपते तिथे नजर थांबते. म्हणून मांडीच्या सगळ्यात जाड जागी आडवी कड आली, की मांडी आहे त्याहून रुंद दिसते. कड तीन-चार बोटं वर घ्यावी, नाहीतर थेट गुडघ्यापर्यंत न्यावी. उंची कमी असेल तर बाजूचा काप जरा वर चढलेला घ्यावा, पाय लांब दिसतात. सीट बारीक असेल तर चुण्या, झालर, मोठी फुलं खुशाल. भरलेली असेल तर खाली गडद एकरंगी आणि जी काय हौस ती वरच्या भागावर. गुडघ्यापर्यंतची पॅन्ट काकूबाईंची, असं नाक मुरडणाऱ्यांसाठी: 2010 पासून आंतरराष्ट्रीय शर्यतींतही बायकांचा पोशाख खांद्यापासून गुडघ्यापर्यंत चालतो.

फ्रॉकवाल्या कॉस्च्युमबद्दल मत सांगायचं तर, काठावर छान, पाण्यात लोढणं. झालर तरंगून वर येते आणि पाय मारताना पाणी अडवते. घ्यायचाच तर आतली शॉर्ट शिवलेली आहे ना, एवढं बघावं. रंगाला तर तळहाताची परीक्षा पुरते: कापड हातावर ताणून धरायचं, हाताच्या रेषा दिसल्या तर भिजल्यावर सगळंच दिसेल. पिवळा, पांढरा, फिका गुलाबी यात हमखास नापास. अस्तर पुढेच आहे की मागेही, तेही उलटून बघावं. स्वस्तातल्या चड्डीला ते बहुतेक फक्त पुढे असतं.

एवढं करून आणलेली चड्डी आपल्याकडे पाण्यापेक्षा उन्हाने आणि फरशीने जास्त मरते. शहाबादी फरशीच्या खरबरीत काठावर बसून घसरत पाण्यात उतरलं, की सीटवर गोळे येतात; खाली टॉवेल घ्यावा. उतरण्याआधी अंगावर साधं पाणी घ्यावं म्हणजे कापड आधीच भिजतं आणि क्लोरिनचं पाणी कमी शोषतं. घरी बादलीत लगेच खळबळायची, पिळायची नाही, टॉवेलात गुंडाळून दाबायची. बोअरच्या जड पाण्यात साबणाचा साका कापडात बसून ते कडक होतं, म्हणून साबण थोडा आणि शेवटचं खळबळणं शक्यतो गोड्या पाण्याचं. वाळत सावलीत. बेचाळीस अंशांच्या उन्हात पत्र्यावर टाकली, तर ती पंधरा मिनिटांत वाळते खरी, पण स्पँडेक्सचा जीव जातो.

तो जीव गेला की नाही, ते खिडकीसमोर कळतं. सीटचा भाग उजेडात धरायचा. पलीकडचे गज मोजता आले, तर ती आता धुळवडीला सलवारीच्या आत घालायची.