तुम्ही विचारलंत म्हणून: खपल्या कशाला काढता?

मी सोलापूरकडच्या जुन्या माणसांच्या आठवणींवर माहितीपट करतो. फिल्म दाखवून झाली की कुणीतरी हमखास विचारतं, "झालं गेलं गंगेला मिळालं. आता जुन्या खपल्या कशाला काढता?" वीस वर्षं ऐकतोय. विचारणारा वाईट मनाने विचारत नाही, म्हणून नीट सांगतो.

सोलापूरला इतिहासाचं वावडं नाही. मे १९३० मध्ये इथे मार्शल लॉ लागला. १२ जानेवारी १९३१ ला मल्लप्पा धनशेट्टी, कुर्बान हुसेन, जगन्नाथ शिंदे आणि श्रीकिसन सारडा यांना येरवड्यात फाशी दिली. हे इथल्या शाळकरी पोरालाही सांगता येतं. चौकात पुतळे आहेत, त्यांना हार पडतात, पडायलाच हवेत. पण त्यानंतर सतरा वर्षांनी आपल्या वेशीपलीकडे जे झालं, ते चौकात कुणी बोलत नाही.

नळदुर्ग, तुळजापूर तेव्हा निजामाच्या राज्यात. रझाकारांच्या, म्हणजे निजामाच्या बाजूने लढणाऱ्या सशस्त्र टोळ्यांच्या, धास्तीने माणसं घरदार टाकून सोलापुरात आली. १३ सप्टेंबर १९४८ ला भारताच्या फौजा निजामाच्या हद्दीत शिरल्या आणि पाच दिवसांत निजाम शरण आला. मग गावोगाव मुसलमानांवर सूड उगवला गेला. भारत सरकारने पाठवलेल्या पंडित सुंदरलाल समितीने त्याच वर्षअखेरीस फिरून अंदाज दिला: सत्तावीस ते चाळीस हजार मृत्यू. सर्वांत जास्त झळ बसलेल्या चार जिल्ह्यांत उस्मानाबाद, म्हणजे आजचं धाराशिव. तो अहवाल कित्येक दशकं प्रसिद्धच झाला नाही.

मुलाखती घेताना एक गोष्ट लवकर ध्यानात आली. प्रत्येक घर आपली गोष्ट वेगळ्या तारखेपासून सुरू करतं. एका घरात ती रझाकारांनी वाडा जाळला तिथून सुरू होते, आणि सप्टेंबर आला की "मग स्वातंत्र्य मिळालं" म्हणून संपते. दुसऱ्या घरात ती त्याच सप्टेंबरात सुरू होते. दोन्ही घरं खरं बोलतात. माझं काम एवढंच की दोन्ही तारखा एका फिल्ममध्ये याव्यात, आणि एकीतून दुसरी वजा होऊ नये. एडिटिंगला सगळ्यात जास्त वेळ इथेच जातो.

असंच एक घर, सोलापूरच्या पूर्व भागातलं. शेजारी यंत्रमाग, त्यामुळे माग थांबेल तेव्हाच रेकॉर्डिंग. आजोबा १९४८ मध्ये बारा-तेरा वर्षांचे, गाव नळदुर्गाच्या बाजूचं. रझाकारांनी त्यांच्या चुलत्याला मारलेलं. कोपऱ्यात तांब्याची घागर होती, गळ्याशी उर्दूत नाव घातलेलं. पहिल्या दिवशी म्हणाले, "शेजाऱ्यांनी ठेवायला दिलती." तिसऱ्या खेपेला, कॅमेरा बंद असताना, चहाची बशी खाली ठेवून म्हणाले, "कुनी दिली न्हवती बग. आमी आनली. घर मोकळं पडलंतं." जरा वेळाने स्वतःच म्हणाले, "आता लाव तुझा कॅमेरा."

माझा साउंडचा मुलगा उर्दू शाळेत शिकलेला. त्याने हेडफोन काढले, घागर खिडकीच्या उजेडाकडे फिरवली आणि ठिपक्याठिपक्यांनी कोरलेली अक्षरं बोटाने चाचपत वाचली. बाईचं नाव होतं. साठ-पासष्ट वर्षं त्या घरात पाणी भरलं त्या घागरीने, पण नाव कुणाला वाचता येत नव्हतं. आजोबांनी ते त्याच्याकडून दोनदा म्हणवून घेतलं, मग स्वतः म्हणून पाहिलं.

"ती मानसं कुठं असतील का?" त्यांनी मला विचारलं. आम्ही त्या गावी गेलो, आसपासच्या वस्त्यांतही विचारलं. कुणी सापडलं नाही. फिल्ममध्ये नाव ऐकू येत नाही, अक्षरंही दिसणार नाहीत अशीच घागर धरली आहे. कुणाच्या आईचं, आजीचं असेल ते.

मला खपल्या काढायची हौस नाही हो. पण त्या आजोबांना मी प्रश्न विचारला म्हणून त्रास झाला, असं मला वाटत नाही. त्यांना कुणी विचारलंच नव्हतं, त्याचा झाला होता.

आजोबा आता नाहीत. घागर त्याच कोपऱ्यात आहे, पण तिने पाणी भरत नाहीत. सणावाराला सूनबाई ती चिंच लावून घासतात, आणि नावापाशी आल्या की हात हलका करतात.