डोक्यातले आवाज शूट करताना (माझा अनुभव)

सांगलीत फिल्मसाठी कलाकार शोधावे लागत नाहीत, १८४३ ला विष्णुदास भाव्यांनी इथंच 'सीतास्वयंवर' नाटक केलं, तेव्हापासून घराघरात एखादा नाटकवाला असतोच. माझं सगळं अडलं होतं ते आवाजांपाशी. फिल्म एका बाईची, आजूबाजूला कुणी नसताना तिला बोलणं ऐकू येतं.

स्क्रिप्ट घेऊन मिरजेतल्या एका सायकियाट्रिस्ट मॅडमना भेटलो. त्या म्हणाल्या, आधी ते घुमणारे, किंचाळणारे आवाज काढून टाका. बऱ्याच पेशंटना आवाज बाहेरून, कानानंच येतो, आपल्याला खरा येतो तस्साच. आणि स्किझोफ्रेनियात बऱ्याचदा दोघंतिघं आपसात तिच्याबद्दल बोलत असतात, ही आता उठली बघ, आता चहा ठेवती बघ. हे ऐकून मला भूतबित काही नको वाटलं, हेच जास्त भयानक आहे.

मग नाटकातल्या दोन मावशींना शेजारच्या खोलीत शेंगा फोडत बसवलं आणि नायिकेबद्दल गप्पा मारायला सांगितल्या. साधाच सूर, मधेच टरफलाचा कट्ट आवाज. शूटिंगला ते रेकॉर्डिंग तिच्या केसाखाली लपवलेल्या इअरबडमधून चालू ठेवलं आणि समोर नवरा भाजी काय आणू विचारतोय, एवढाच सीन. त्याला काही ऐकू येत नव्हतं. ती अर्धं वाक्य ऐकायची, मान किंचित डावीकडे जायची, उत्तर उशिरा यायचं, आणि तो खरंच वैतागून तेच परत विचारायला लागला. एवढं खरं मला लिहून जमलंच नसतं. घरात अशा माणसाला आपण 'लक्ष कुठाय तुझं' म्हणतो ना, ते तिथं दिसलं.

व्हिज्युअलला कॅमेरा हलवायचा नाही असं पक्कं होतं. घरात जुनी चोकवाली ट्यूबलाईट होती. आपली लाईट ५० हर्ट्झची, म्हणजे अशी ट्यूब सेकंदाला शंभर वेळा लुकलुकते, त्यामुळे शटर १/५० ला (म्हणजे एक फ्रेम सेकंदाचा पन्नासावा भाग उघडी) चित्र स्वच्छ येतं, पण १/१२५ केलं की सेकंदाला २४ फ्रेम्सवर भिंतीवर काळसर पट्टे सरकायला लागतात. आवाज वाढतात तिथं फक्त शटर बदललं, बाकी खोली तीच, एडिटला इफेक्ट एकही नाही.

एडिटरला शेवटी व्हायोलिन हवं होतं, मी नाही म्हटलं, बाई रडवायची नाहीये. त्याऐवजी टेलिमानसचा, म्हणजे सरकारच्या मानसिक आरोग्य हेल्पलाइनचा नंबर टाकला, १४४१६, चोवीस तास, फुकट, मराठीतही बोलतात. आता मित्रांना लिंक पाठवतोय तर एवढंच सांगतो, मोबाईलच्या स्पीकरवर नका बघू, हेडफोन लावा, मावशी फक्त डाव्या कानात आहेत.