फुकट, कायदेशीर आणि ओरिजिनल फाइलसकट साय-फाय

ओटीटीच्या वॉचलिस्टमध्ये टाकलेला साय-फाय पिक्चर निवांत बघू म्हणून ठेवावा आणि एक दिवस बघतो तर गायब, हक्क संपले म्हणे. त्यामुळे हल्ली मी आधी इंटरनेट आर्काइव्हवर, म्हणजे फिल्म्स-पुस्तकं फुकट जपून ठेवणाऱ्या साइटवर, डोकावतो. आता तिथं नवीन हॉलिवूडपटही कुणीकुणी चढवून ठेवलेले असतात, पण ती सरळ पायरसी, आज आहे उद्या उडणार, त्याला जतन म्हणायचं नाही.

खरा माल म्हणजे 'टीयर्स ऑफ स्टील'सारख्या फिल्म्स. २०१२ची, ब्लेंडर हे फुकट थ्रीडी सॉफ्टवेअर बनवणाऱ्या ब्लेंडर फाउंडेशनची, दिग्दर्शक इयन ह्युबर्ट, जेमतेम १२ मिनिटं. अ‍ॅमस्टरडॅममधल्या पुलावर एक पोरगा रोबोटिक हात असलेल्या पोरीला सोडतो आणि ४० वर्षांनी त्याच भानगडीपायी रोबोट शहराची वाट लावतायत, मग शास्त्रज्ञ मंडळी चर्चमध्ये बसून तो ब्रेकअप परत उभा करतात! अ‍ॅक्टिंग यथातथाच आहे, खोटं कशाला बोला, पण व्हीएफएक्स भारी, कारण मुळात ब्लेंडरचं कॅमेरा ट्रॅकिंग (शूटिंगमध्ये कॅमेरा कसा हलला ते ओळखणं) वगैरे सुधारायलाच हा घाट घातला होता. आणि लायसन्स क्रिएटिव्ह कॉमन्स अ‍ॅट्रिब्यूशन, म्हणजे बनवणाऱ्यांचं नाव द्या आणि बिनधास्त कॉपी करा, वाटा, त्यातून नवीन काही बनवा. कच्चं फुटेज आणि प्रोजेक्टच्या फाइलीसुद्धा त्यांनी खुल्या केल्यात.

डाउनलोड करताना एकच बघा. आर्काइव्हच्या पानावर उजवीकडे बऱ्याच फॉरमॅटची यादी दिसते, त्यातल्या निम्म्या साइटनेच नंतर बारीक करून बनवलेल्या असतात. 'शो ऑल'वर जाऊन साइज बघा, सगळ्यात जड असते ती बहुतेक मूळ अपलोड. तिथंच एक एक्सएमएल फाइल असते, त्यात प्रत्येक फाइलचा एमडीफाइव्ह, म्हणजे बोटाच्या ठशासारखा कोड, दिलेला असतो, आपल्या कॉपीचा काढून जुळवायचा, दोन मिनिटांचं काम.

आणि आर्काइव्हवर आहे म्हणून निर्धास्त राहू नका, ऑक्टोबर २०२४मध्ये सायबर हल्ला झाला तेव्हा अख्खी साइट काही दिवस बंद होती. मी एक कॉपी हार्ड डिस्कवर ठेवतो, एक भावाकडे, सोबत सबटायटल्सची एसआरटी आणि लायसन्स लिहिलेली टेक्स्ट फाइल.

प्रोजेक्ट फाइली ठेवणार असाल तर त्या काळचं ब्लेंडरही उतरवून ठेवा, जुनी व्हर्जन्स त्यांच्या साइटवर मिळतात. २०१९च्या २.८० व्हर्जनमध्ये जुनं रेंडर इंजिनच (फाइलीतून शेवटचं चित्र बनवणारा भाग) काढून टाकलंय, त्यामुळे २००६च्या 'एलिफंट्स ड्रीम' या त्यांच्याच फिल्मच्या फाइली नव्यात उघडून तसंच चित्र मिळेल ही आशा सोडा.