आमची वाटचाल: सातपुड्यातली सफेद मुसळी

नंदुरबार जिल्ह्यातल्या शहाद्याला वडिलांचं किराणा दुकान होतं. धडगाव-अक्कलकुव्याकडची पावरा, भिल्ल मंडळी बाजाराला येताना चारोळी, डिंक, मोहाची फुलं आणि थोडी सुकी मुसळी आणायची. मुसळी म्हणजे औषधात वापरला जाणारा जंगली कंद. मी धंद्यात आल्यावर मुसळीवरच लक्ष दिलं.

मोहाचं फूल वेचलं तरी झाड उभं राहतं. मुसळीचा गड्डा उपटला की रोपच गेलं. पावसाळ्यात पानं हिरवी असतात, शोधायला सोपी, म्हणून श्रावणातच खणायला सुरुवात व्हायची. तेव्हाचा कंद कोवळा आणि पाणीदार. वाळला की सुरकुततो, वजन भरत नाही, शिवाय बी जमिनीत पडलेलं नसतं. पानं वाळून गळाल्यावर, साल करडी पडल्यावर काढलेला कंद भरीव निघतो. तरीही ओल्याचं सुकं करताना पाच-सहा किलोंचं जेमतेम एक किलो हाती लागतं, आणि गड्ड्याचं प्रत्येक बोट, म्हणजे बोटासारखं मूळ, चाकूने सोलावं लागतं. हे काम बहुतेक बायकाच करतात. त्याची मजुरी दरात धरली नाही, तर तो व्यवहार सचोटीचा नाही असं मी मानतो.

म्हणून आम्ही कोवळा माल घेणं बंद केलं आणि पक्क्याला वाढीव दर दिला. पण दर देऊन भागेना. “मी थांबलो तर दुसरा काढून नेईल, शेठ,” हे मला सगळीकडे ऐकू यायचं, आणि ते खरंच होतं. 2006 च्या वनहक्क कायद्याने कंदमुळांसह गौण वनोपजावर, म्हणजे लाकूड सोडून जंगलातून मिळणाऱ्या वनस्पतीच्या मालावर, गावाचा हक्क मानला आहे. ज्या गावांच्या ग्रामसभांनी दिवाळीआधी खणायचं नाही आणि दोन बोटांसह डोळा, म्हणजे गड्ड्याचा कोंब फुटणारा भाग, परत मातीत लावायचा असं ठरवलं, तिथूनच आज आमचा चांगला माल येतो.

एका मोठ्या खरेदीदाराने आमचा माल महाग म्हणून परत पाठवला होता. त्याच्या दरात सोललेली शतावरी, म्हणजे मुसळीसारखीच दिसणारी दुसरी मुळी, मिसळलेलीच मुसळी मिळते. मोडून बघा: शतावरीच्या मधोमध चिवट दोरा असतो, मुसळी कट्‌कन तुटते.

2000 च्या सुमारास लागवडीची लाट आली. बेणं विकणारे कमावून गेले आणि शेतकऱ्याला गिऱ्हाईक मिळेना. त्यातून टिकलेल्या शेतकऱ्यांची मुसळीही आम्ही घेतो. तिची पोती वेगळी ठेवतो आणि बिलावर ‘लागवडीची’ असं स्पष्ट लिहितो.