कान्हेरीला 'सिधं' शोधायला

चौदा वर्षांची भाची गोष्ट लिहितेय. तिच्या गोष्टीत बोरूनं लिहिलेलं अक्षर जागं होतं, लिहिणाऱ्याचं ऐकतं आणि शेवटचा टिंब दिल्याशिवाय त्याला जीव येत नाही. असं लेखन शिकवणारं एक घराणंच तिनं रचलंय. अडलं होतं एवढ्यावर की त्या घराण्यात पोराला पहिला शब्द कुठला गिरवायला देतात? मी म्हटलं, चल, बोरिवलीजवळच्या कान्हेरी लेण्यांत जाऊ, तिथले जुने शिलालेख कुठल्या शब्दानं सुरू होतात ते बघू.

पहिल्या वेळी सोमवारी गेलो आणि बंद दारावरून परत आलो. चूक सर्वस्वी माझी. तुम्ही सोमवार टाळा.

दुसऱ्या वेळी साडेसातला बोरिवली स्टेशनवर पूर्वेला उतरलो. राष्ट्रीय उद्यानाचं फाटक चालत दहा-पंधरा मिनिटांवर. तिथून लेणी सहा-सात किलोमीटर आत, आतल्या बसनं जायचं. तिकीट दोनदा काढावं लागतं, एक फाटकावर, एक लेण्यांपाशी. सुट्टे पैसे ठेवा. खासगी गाडीचे नियम बदलत असतात, फाटकावरच विचारा. बाकी वाटेबद्दल सांगण्यासारखं काही नाही, माकडं सोडून. आमचा चिवडा त्यांनी पुडीसकट नेला.

लेणी शंभराच्या वर आहेत, सगळी बघायच्या फंदात पडू नका. तिसऱ्या क्रमांकाच्या चैत्यगृहापाशीच, म्हणजे स्तूप असलेल्या बौद्ध प्रार्थनागृहापाशीच थांबलो. व्हरांड्यात दोन बाजूंना बुद्धाच्या प्रचंड मूर्ती, त्यामुळे लोक तिथं फोटो काढतात आणि पुढं जातात. लेखांकडे कोण बघतंय! इथल्या एका लेखात यज्ञश्री सातकर्णी या सातवाहन राजाचं नाव आहे, म्हणजे दुसऱ्या शतकाच्या आसपासची गोष्ट.

हे लेख ज्या जुन्या लिपीत आहेत ती ब्राह्मी वाचायची युक्ती सांगतो. 'क' अगदी अधिकच्या चिन्हासारखा, फक्त इथं उभी रेघ खाली जराशी वळते. 'र' म्हणजे नुसती उभी रेघ, तीही तशीच वळणारी. एवढ्या दोन अक्षरांवर भाचीनं अर्धा तास काढला. समोरून टॉर्च मारला तर काही दिसत नाही. मोबाइल भिंतीच्या कडेला धरून तिरका उजेड टाका, सावलीत खाच उठून येते. खडू किंवा पाणी लावून अक्षरं उठवू नका, हात फिरवायचाही मोह आवरा. आधीच 'अमुक लव्ह तमुक'वाल्यांनी भिंतींचं वाटोळं केलंय.

इथले बरेच लेख दानाचे. कल्याण, सोपाऱ्याचे व्यापारी, कुणी गुंफा दिली, कुणी पाण्याचं टाकं. गुंफेला त्या लेखांत शब्द आहे 'लेण', टाक्याला 'पोढी'. आपण 'लेणं' म्हणतो ते काही उगाच नाही. आणि कितीतरी लेखांची सुरुवात 'सिधं'. सिद्धम्. काम पुरं होवो, यश येवो. दगडावर छिन्नी लागायच्या आधीचा शब्द! जुन्या शाळेत पोराला धूळपाटीवर 'ॐ नमः सिद्धम्' गिरवायला द्यायचे, त्याचाच 'ओनामा' झाला. हाच सिद्धम् पुढं एका लिपीचं नाव झाला. ती जपानी भिक्षू कूकाई चीनमधून 806 मध्ये मायदेशी घेऊन गेला, आणि तिथल्या शिंगोन या बौद्ध पंथात तिची एकेक अक्षरं आजही देवतांची बीजं म्हणून कुंचल्यानं काढतात.

भाचीला मी गधेगाळींबद्दलही सांगितलं. कोकणातल्या शिलाहार राजांच्या काळातले हे दगड, दान मोडणाऱ्याला शिवी देणारे. वाचता न येणाऱ्यालाही धाक बसावा म्हणून त्यांवर गाढवाचं चित्र कोरलेलं. तिला अर्थातच ते 'सिधं'पेक्षा जास्त आवडलं.

वेळ असेल तर चढून नव्वद क्रमांकाच्या लेण्यात जा. तिथं पारशी प्रवाशांनी पहलवीत, म्हणजे जुन्या इराणी लिपीत, आपली नावं कोरून ठेवलीत, 1009 आणि 1021 सालची. भिंतीवर नाव कोरणारे तेव्हाही होते तर, असं भाची म्हणाली. मला उत्तर सुचलं नाही.

पायांत पकड असलेले बूट हवेत, कोरीव पायऱ्या पावसात शेवाळतात. माणशी लिटरभर तरी पाणी घ्या. अकराच्या आत खाली उतरा, नंतर काळा दगड तापतो आणि गर्दीही वाढते.

बसच्या रांगेत तिनं वही उघडली, बोरू दौतीत बुडवला आणि पहिल्या ओळीत 'सिध' लिहिलं. मग हात वर धरून माझ्याकडे पाहिलं.

"मामा, टिंब आत्ता देऊ? की घरी गेल्यावर?"